‘हमारा शहर’ आणि मुंबईतील निवाऱ्याचा प्रश्न

आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ हा माहितीपट १९८५ साली पूर्ण झाला आणि मुंबईतील फूटपाथवासीयांच्या हक्कांविषयीचा सर्वोच्च न्यायालयाचा बहुचर्चित निकालही त्याच वर्षी लागला. एकाच शहरातील एकाच प्रकारच्या पाडापाडीतून निघालेल्या या दोन गोष्टींनी निवाऱ्याच्या प्रश्नाकडे पाहण्याच्या दोन निरनिराळ्या रीती पुढे ठेवल्या : न्यायालयाने फूटपाथवरील माणसाला त्या जागी राहून पोट भरण्याचा हक्क कितपत आहे हे तपासले, तर माहितीपटाने ज्या शहराला त्या माणसाचे श्रम हवे आहेत त्याला त्याची झोपडी का खुपते, हे विचारले. पुढील चार दशकांत मुंबईचे गृहनिर्माण धोरण यांपैकी कोणत्याही वाटेने गेले नाही. माणूस त्या जागी कोणत्या तारखेपासून राहतो आहे, या तिसऱ्याच प्रश्नापाशी ते जाऊन थांबले. त्यामुळे हा चित्रपट आज पाहताना तो जुना वाटत नाही, आणि त्यातील काही उणिवाही आता अधिक स्पष्ट दिसतात.

पटवर्धन यांचा जन्म १९५० साली मुंबईत झाला. स्वातंत्र्यचळवळीत नावाजलेले अहमदनगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका, तर आई निर्मला पटवर्धन या मृत्तिकाशिल्पाच्या क्षेत्रातील जाणकार होत्या. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्य आणि अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठातून समाजशास्त्र असे शिक्षण घेऊन परतलेल्या पटवर्धनांनी १९७४ साली बिहारमधील जयप्रकाश नारायण यांच्या आंदोलनाचे चित्रण केले. आणीबाणी पुकारली गेल्यावर त्या चित्रपटाची प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर न्यावी लागली. पुढे राजकीय कैद्यांवरील आणि कॅनडातील भारतीय वंशाच्या शेतमजुरांच्या संघटनेवरील माहितीपट झाले. त्या काळी भारतात माहितीपट म्हटला म्हणजे १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे, चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी सक्तीने दाखवले जाणारे, धरणे, कारखाने आणि कुटुंबनियोजन यांची भारदस्त आवाजात माहिती सांगणारे लघुपट, असेच समीकरण होते. सरकारचा किंवा उद्योगाचा पैसा न घेता, थोड्या साधनांनिशी आणि ज्यांच्याविषयी चित्रपट आहे त्यांच्यातच तो दाखवण्याच्या हेतूने काम करणारा दिग्दर्शक ही त्या वातावरणात नवीच गोष्ट होती.

‘हमारा शहर’ ज्या पाडापाडीतून उभा राहिला तिचे मूळ समजून घेण्यासाठी मुंबईतील जागेचे अर्थकारण थोडे विस्ताराने पाहावे लागते, कारण चित्रपटात ते जवळजवळ गृहीत धरलेले आहे. १८९६ सालच्या प्लेगनंतर दोन वर्षांनी ब्रिटिश सरकारने सुधार विश्वस्त मंडळ, म्हणजे बोलीभाषेतील ‘बीआयटी’, स्थापन केले. दाट वस्त्या पाडून रुंद रस्ते काढणे आणि कामगारांसाठी चाळी बांधणे ही दोन्ही कामे त्याच्याकडे होती, पण जितकी घरे पाडली गेली तितकी कष्टकऱ्यांना परवडतील अशी घरे उभी राहिली नाहीत. १९२०च्या दशकात वरळी, नायगाव, परळ आणि शिवडी येथे बीडीडी चाळी आल्या. खासगी मालकांच्या चाळी गिरणगावात होत्याच. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास घरभाडी भडकू लागल्यावर नियंत्रण आले आणि १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने मुंबईतील जुन्या घरांची भाडी सप्टेंबर १९४० च्या पातळीशी बांधून टाकली. भाडेकरूला या कायद्याने संरक्षण दिले हे खरे. पण मालकाला दुरुस्ती परवडेना, नवी भाड्याची घरे बांधण्यात कोणाला रस उरेना आणि जुन्या खोलीचा ताबा एकाकडून दुसऱ्याकडे देताना पावतीविना घ्यायची मोठी रक्कम, म्हणजे पागडी, ही व्यवहाराची सर्वमान्य रीत होऊन बसली. बेटावरील १९ हजारांहून अधिक जुन्या इमारतींच्या दुरुस्तीसाठी १९६९ साली सरकारला स्वतंत्र मंडळ नेमावे लागले, यावरून या साठ्याची अवस्था ध्यानात येते.

नव्याने येणाऱ्या माणसाला मात्र यातले काहीच उपलब्ध नव्हते. चाळीतील खोलीसाठी पागडी हवी, मालकीच्या फ्लॅटसाठी तर त्याहून कितीतरी पटींनी पैसा हवा, आणि सरकारी गृहनिर्माण मंडळाची घरे मोजकीच. एखाद्या भूखंडावर किती बांधकाम करता येईल हे ठरवणारा आकडा, म्हणजे चटईक्षेत्र निर्देशांक, मुंबईत दीर्घकाळ कमी ठेवला गेला. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत तो शहरात १.३३ आणि उपनगरांत १ होता, याचा सोपा अर्थ उपनगरातील हजार चौरस मीटरच्या भूखंडावर हजार चौरस मीटरच बांधकाम. १९७६ च्या नागरी जमीन कमाल धारणा कायद्यानुसार मुंबईत एका व्यक्तीला ५०० चौरस मीटरहून अधिक मोकळी जमीन बाळगता येणार नव्हती आणि जादा जमीन सरकारजमा होऊन तिच्यावर गरिबांसाठी घरे व्हायची होती. सवलतींच्या कलमांतून आणि न्यायालयीन दाव्यांतून त्यातील बहुतेक जमीन निसटली. हाती आलेल्या जमिनीवर किती घरे झाली याचा हिशेब या कायद्याच्या समर्थकांनाही अभिमानाने सांगता येण्यासारखा नाही. गरिबांना घर परवडत नव्हते ते विटा, सिमेंट किंवा मजुरी महाग होती म्हणून नव्हे. महाग होती ती जमीन, आणि ती नियमांनी, मालकीने व सट्ट्याने आणखी महाग होत गेली.

घर परवडणे म्हणजे काय याचे काही ठोकताळे जगभर वापरले जातात : भाडे किंवा कर्जाचा हप्ता कुटुंबाच्या उत्पन्नाच्या तिसऱ्या हिश्शाच्या आत असावा आणि घराची किंमत वार्षिक उत्पन्नाच्या चार-पाच पटींपलीकडे जाऊ नये. भारतात २००८ साली दीपक पारेख यांच्या अध्यक्षतेखालील कृतिगटानेही साधारण हेच प्रमाण धरले होते. ही मोजपट्टी फूटपाथला लावून पाहिली तर एक विलक्षण गोष्ट दिसते. सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या अर्जदारांपैकी एक जण तमिळनाडूतील सेलम येथील भूमिहीन मजूर. दुष्काळाने काम गेले म्हणून तो १९६१ साली मुंबईत आला आणि दहिसरच्या एका रासायनिक कारखान्यात २३ रुपये रोजावर लागला. पश्चिम द्रुतगती महामार्गाच्या फूटपाथवर प्लास्टिक आणि ताडपत्रीच्या आडोशासाठी त्याच्याकडून एका झोपडीदादाने २,५०० रुपये उकळले होते. म्हणजे आडोशाची किंमत १०० दिवसांच्या मजुरीहून अधिक होती, आणि त्यावर त्याचा कायदेशीर हक्क काडीचाही नव्हता. फूटपाथ फुकट असतो अशी समजूत बाळगणाऱ्यांनी निकालपत्राचा हा भाग तरी अवश्य वाचावा. शहरातील सर्वांत हलक्या जागेचाही बाजार होता, आणि तिथे पैसे मोजूनही पावती मिळत नव्हती एवढाच फरक.

जुलै १९८१ मध्ये, ऐन पावसाळ्यात, तत्कालीन मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी फूटपाथवरील झोपड्या हटवून तेथील लोकांना त्यांच्या मूळ गावी पाठवण्याचा आदेश जाहीर केला. लोकांना बसमध्ये बसवून शहराबाहेर नेण्यात आले. सेलमचा तो मजूरही त्यांच्यात होता आणि काम मुंबईतच असल्यामुळे तो परत आला. पत्रकार ओल्गा टेलिस, नागरी स्वातंत्र्यासाठी काम करणाऱ्या संघटना आणि स्वतः फूटपाथवासी न्यायालयात गेले. अंतुले यांचे सरकार काही महिन्यांतच गेले, पण पाडापाडी थांबली नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू होऊन सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, आणि औद्योगिक मुंबईची घडी विस्कटण्याच्या त्या काळातच पटवर्धनांचा कॅमेरा वस्त्यांमधून फिरत होता.

चित्रपटाची रचना वरकरणी साधी आहे. महापालिकेची माणसे पोलीस बंदोबस्तात येतात, बांबू, पत्रे आणि ताडपत्र्या ओढून काढतात, भांडीकुंडी रस्त्यावर येतात, आणि पथक निघून गेल्यावर लोक त्याच सामानातून पुन्हा आडोसा उभा करू लागतात. या दृश्यांच्या आगेमागे शहराच्या कारभाऱ्यांची आणि सुखवस्तू नागरिकांची मते येतात : शहर घाण झाले आहे, गर्दी आवरली पाहिजे, बाहेरून येणाऱ्यांना रोखले पाहिजे. मग इमारतीच्या पायथ्याशी पाट्या वाहणारे मजूर दिसतात. माहितीपटात घटना मांडून झाल्यावर तिचा अर्थ लावण्याचे काम बहुधा निवेदनावर सोपवले जाते. इथे ते संकलनाने, म्हणजे दोन दृश्ये एकमेकांशेजारी ठेवण्याच्या क्रमाने, केले आहे. टॉवर बांधणारा माणूस आणि त्या टॉवरमधून त्याच्या झोपडीला नाक मुरडणारा माणूस पाठोपाठ आले की वेगळे भाष्य करावे लागत नाही. या पद्धतीत एक धोकाही आहे आणि चित्रपटाने तो सर्वत्र टाळला आहे असे म्हणता येत नाही : श्रीमंतांचे काही प्रतिनिधी इतके सहज स्वतःला उघडे पाडतात की प्रेक्षक त्यांना हसून मोकळा होतो, आणि जमीन, भाडे व कायदा यांच्या ज्या यंत्रणेने दोघांनाही त्या जागी उभे केले आहे ती नजरेआड राहते.

गरीब वस्तीतील लोकांना थेट कॅमेऱ्यापुढे बोलते करण्याची परंपरा तशी जुनी आहे. १९३५ साली ब्रिटनमध्ये एडगर अँस्टी आणि आर्थर एल्टन यांनी केलेल्या ‘हाउसिंग प्रॉब्लेम्स’ या लघुपटात लंडनच्या स्टेपनी भागातील रहिवाशांनी उंदीर, ओल आणि गळकी छपरे यांच्या कहाण्या स्वतःच्या तोंडाने सांगितल्या होत्या, आणि त्या काळी ते धाडसच होते. त्या लघुपटाचा खर्च गॅस उद्योगाने केला होता, त्यामुळे उपाय म्हणून नवी घरे व त्यांतील आधुनिक सोयी पुढे येणे स्वाभाविक होते. रहिवाशांनी दुखणे सांगायचे आणि इलाज तज्ज्ञांनी, असा तो बेत होता. ‘हमारा शहर’मध्ये वस्तीतील माणसे दुखणे सांगून थांबत नाहीत. ती महागाईवर, मतांसाठी येणाऱ्या पुढाऱ्यांवर, पोलिसांवर, गावाकडच्या जमिनीवर बोलतात, आपल्या परिस्थितीचे निदान स्वतः करतात, आणि ते निदान पुष्कळदा अधिकाऱ्यांच्या निदानापेक्षा नेमके असते.

त्यातील एका स्त्रीने चित्रपटालाच धारेवर धरले आहे. झोपडी उद्ध्वस्त झालेल्या त्या स्त्रीच्या रोषाचा आशय असा, की गरिबांची चित्रे काढून नेऊन तुमचे नाव होईल, आमच्या पदरात काय पडणार? संकलनाच्या टेबलावर हा तुकडा बाजूला काढणे अगदी सोपे होते, आणि माहितीपटांच्या इतिहासात असे कितीतरी तुकडे बाजूला पडले असतील. पटवर्धनांनी तो ठेवला. या एका निर्णयामुळे चित्रपटाचे नैतिक वजन वाढले, असे अभ्यासक म्हणत आले आहेत आणि ते योग्यही आहे; पण तो तुकडा ठेवल्याने तिच्या प्रश्नाचे उत्तर मिळाले असे समजणे ही स्वतःची फसवणूक ठरेल. चित्रण करणारा आणि चित्रित होणारा यांच्यातील विषमता कबुलीने मिटत नाही. ती कमी करण्याचा जो काही मार्ग होता तो चित्रपट संपल्यानंतरच्या वागण्यात होता, आणि तिथे या दिग्दर्शकाची बाजू बऱ्यापैकी भक्कम आहे.

१० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ओल्गा टेलिस खटल्याचा निकाल दिला. राज्यघटनेच्या २१व्या अनुच्छेदातील जीविताच्या हक्कात उपजीविकेचा हक्क अंतर्भूत आहे आणि फूटपाथवरून हाकलले जाणे म्हणजे बहुधा रोजगार गमावणे, हे न्यायालयाने मान्य केले. भारतीय घटनात्मक कायद्यात या वाक्याचे वजन फार मोठे आहे. त्याच निकालात न्यायालयाने फूटपाथवर अतिक्रमण करण्याचा हक्क कोणालाही नाही असे ठरवले, नोटिशीविना अतिक्रमण हटवण्याचा महापालिकेचा अधिकार वैध ठरवला, एरवी नोटीस व सुनावणी दिली पाहिजे असे सांगितले, आणि या अर्जदारांना सुनावणीची जी संधी आयुक्तांनी नाकारली ती आपल्यापुढे पुरेपूर मिळाली आहे असे नमूद केले. पाडापाडी पावसाळा सरेपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, करू नये असा दिलासा मिळाला. १९७६ च्या झोपडपट्टी गणनेत नोंद होऊन ओळखपत्र मिळालेल्यांना मालाडमधील मालवणी किंवा अन्यत्र पर्यायी जागा द्यावी, असेही त्यात होते. तत्त्व विशाल आणि आदेश आखूड असा हा निकाल आहे. हक्क मान्य झाला तो सर्वांचा, जागा मात्र ठरावीक वर्षापूर्वीच्या कागदाच्या धन्यांना, आणि तीही अशा मालाडच्या टोकाला की जिथून जुने काम गाठणे दुरापास्त होते.

‘हमारा शहर’ला सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८६ साली दक्षिण मुंबईतील संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली तेव्हा पटवर्धन तेथील रहिवाशांसह बेमुदत उपोषणाला बसले. अभिनेत्री शबाना आझमीही त्यात सहभागी झाल्या आणि त्यांच्यामुळे वृत्तपत्रांनी त्या उपोषणाची अधिक दखल घेतली, हेही नोंदवायला हवे. या लढ्यातून त्या कुटुंबांना गोरेगावजवळ दिंडोशी येथे जमीन मिळाली, आणि तेथील घरांच्या उभारणीत निवारा हक्क या संघटनेशी निगडित वास्तुरचनाकार व कार्यकर्ते यांनी मदत केली. कामाच्या जागेपासून वस्ती तीसेक किलोमीटर दूर गेली, पण जमिनीचा तुकडा तरी हातात आला. चित्रपट १६ मिलिमीटरच्या प्रोजेक्टरवर वस्त्यावस्त्यांतून दाखवला जात राहिला. दूरदर्शनचा मार्ग या दिग्दर्शकासाठी सहसा सोपा नव्हता. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेले चित्रपटही दाखवायला नकार मिळत गेला, त्यासाठी त्यांनी पुनःपुन्हा न्यायालय गाठले, आणि ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ या माहितीपटाच्या बाबतीत तर प्रकरण २००६ साली सर्वोच्च न्यायालयाच्या निकालापर्यंत गेले.

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर मुंबईपुढे झोपडपट्टीविषयी एकाहून अधिक पर्याय होते, ही गोष्ट आज विसरली गेली आहे. जागतिक बँकेच्या साह्याने १९८५ साली सुरू झालेल्या मुंबई नागरी विकास प्रकल्पात चारकोप, गोराई अशा ठिकाणी छोटे भूखंड आखून रस्ते, पाणी व मलनिस्सारण यांची सोय सरकारने करायची आणि घर लोकांनी ऐपतीप्रमाणे हळूहळू बांधायचे, अशी योजना होती. याच प्रकल्पाच्या दुसऱ्या भागात झोपडपट्टीखालील जमीन रहिवाशांच्या सहकारी संस्थेला भाडेपट्ट्याने देऊन वस्ती जागच्या जागी सुधारायची होती. यात झगमगाट नव्हता आणि उद्घाटनाला फीत कापण्याजोगी इमारतही नव्हती. पण जमिनीची किंमत बाजूला काढून उरलेला खर्च माणसाच्या उत्पन्नाच्या आवाक्यात आणण्याचा, म्हणजे घर खऱ्या अर्थाने परवडण्याजोगे करण्याचा, तो मुंबईतील बहुधा सर्वांत गंभीर प्रयत्न होता. चारकोपची आजची वस्ती पाहिली की तो सोडून देण्यात शहराचे नुकसान झाले असेच म्हणावे लागते.

१९९५ साली सत्तेवर आलेल्या शिवसेना-भाजप युतीने ४० लाख झोपडीवासीयांना मोफत घरे देण्याचे आश्वासन दिले होते आणि त्यातून झोपडपट्टी पुनर्वसन योजना आकाराला आली. तिचे गणित असे : विकासक झोपडीधारकांची संमती मिळवतो, वस्ती रिकामी करून लोकांना संक्रमण शिबिरात हलवतो, त्याच जमिनीच्या एका भागावर त्यांच्यासाठी बहुमजली इमारत बांधून सुरुवातीला २२५ चौरस फुटांची आणि पुढे वाढत गेलेल्या आकाराची घरे मोफत देतो, आणि मोबदल्यात त्याला उरलेल्या भागावर खुल्या बाजारात विकण्यासाठी जादा चटईक्षेत्र मिळते, ते तिथे वापरता आले नाही तर विकास हक्क म्हणून, म्हणजे टीडीआर म्हणून, अन्यत्र नेऊन वापरता किंवा विकता येते. सरकारला खिशातून फारसे काही घालावे लागत नाही, आणि हेच या योजनेचे राजकीय आकर्षण. पण यातून एक चमत्कारिक अवलंबित्व तयार झाले आहे. विक्रीचे घर जितके महाग तितका विकासकाला रस अधिक. त्यामुळे जिथे भाव चढे आहेत त्या भागातील वस्त्यांना विकासक रांग लावतात आणि जिथे भाव कमी आहेत तिथे वर्षानुवर्षे फिरकत नाहीत. मध्यमवर्गाला घर परवडू लागले, म्हणजे भाव उतरले, तर गरिबांचे मोफत घर बंद पडेल, अशी ही व्यवस्था आहे. एका प्रकारच्या परवडण्याचा पाया दुसऱ्या प्रकारच्या न परवडण्यावर उभारलेला असल्याने, शहरात टॉवर वाढत असताना २०११ च्या जनगणनेत बृहन्मुंबईच्या लोकसंख्येचा सुमारे ४१ टक्के भाग झोपडपट्टीत का नोंदला गेला, याचे निदान अर्धे कोडे तरी सुटते.

दुसरे अर्धे कोडे तारखांचे. मोफत घर कोणाला, हे ‘परिशिष्ट-२’ नावाच्या यादीवरून ठरते आणि त्या यादीत नाव येण्यासाठी ठरावीक तारखेपूर्वीचा वास्तव्याचा पुरावा लागतो : मतदारयादीतील नोंद, वीजबिल, फोटोपास. ही तारीख १९७६ वरून १९८५, तिथून १९९५, नंतर १ जानेवारी २००० आणि पुढे शुल्क भरून २०११, अशी निवडणुकांच्या आगेमागे सरकत आली. पात्र आणि अपात्र अशी एकाच गल्लीची फाळणी होते. झोपडीत भाड्याने राहणारा, पोटमाळ्यावरचा किंवा नुकताच आलेला माणूस कुठल्याच रकान्यात बसत नाही, आणि शहरात नव्याने येणाऱ्याला परवडेल असे भाड्याचे घर तर धोरणातून जवळपास हद्दपार झाले आहे. जे पात्र ठरतात त्यांच्याही वाट्याला काय येते हे मानखुर्द-गोवंडीकडील लल्लूभाई कंपाउंड किंवा नटवर पारेख कंपाउंड यांसारख्या पुनर्वसन वसाहतींत दिसते. तेथील इमारती एकमेकींना इतक्या खेटून बांधल्या आहेत की खालच्या मजल्यांवर ऊन-वारा पोहोचत नाही, आणि त्याचा क्षयरोगाशी असलेला संबंध अभ्यासांतून पुढे आला आहे.

‘हमारा शहर’मध्ये यातले पुष्कळसे नाही, आणि १९८५ च्या चित्रपटाला त्याबद्दल दोष देण्यात अर्थ नाही. त्याचा युक्तिवाद श्रमावर उभा आहे : जो शहर बांधतो, झाडतो, चालवतो त्याचा शहरावर हक्क आहे. हा युक्तिवाद न्याय्य असला तरी त्याचे भाषांतर भूखंडाच्या भावात किंवा भाडेकायद्याच्या कलमात कसे करायचे, हे चित्रपट सांगत नाही. पटवर्धनांनी १९९६ साली केलेल्या ‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’ या छोट्या माहितीपटात न्यू ग्रेट ईस्टर्न गिरणीच्या कामगारांनी बंद गिरणीचा ताबा घेतल्याची हकीकत आहे, आणि तिथे मात्र जमिनीचा प्रश्न थेट समोर येतो, कारण गिरणी चालवण्यापेक्षा तिची जमीन विकण्यात मालकांना फायदा दिसू लागला होता. १९९१ च्या नियमानुसार गिरण्यांच्या जमिनीचे साधारण तीन वाटे होऊन एक महापालिकेला मोकळ्या जागांसाठी, एक म्हाडाला, म्हणजे सरकारी गृहनिर्माण मंडळाला, घरांसाठी आणि एक मालकाला मिळायचा होता. २००१ साली ही वाटणी फक्त रिकाम्या जमिनीपुरती मर्यादित केली गेली, २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती ग्राह्य धरली, आणि सार्वजनिक घरांसाठी मिळू शकणारी जमीन कितीतरी आक्रसली. परळच्या मॉलमध्ये फिरणाऱ्यांपैकी कितीजणांना हा तपशील ठाऊक असेल, कोण जाणे.

‘हमारा शहर’मध्ये न आलेली आणखी एक गोष्ट म्हणजे जात, आणि ती दिग्दर्शकाला फार उशिरा, एका मृत्यूमुळे, सामोरी आली. त्या चित्रपटात शाहीर विलास घोगरे गातात. वस्तीतील जगण्याची कैफियत मांडणारे त्यांचे गाणे हा चित्रपटाचा कणा आहे. घोगरे डाव्या सांस्कृतिक चळवळीतले, स्वतः मुलुंडच्या वस्तीत राहणारे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्यानंतर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला, त्यात दहा जण मारले गेले, आणि चारच दिवसांनी घोगरे यांनी कपाळाला निळी पट्टी बांधून गळफास घेतला. वर्गाच्या भाषेत गाणाऱ्या या शाहिराने अखेरीस निळा रंग का जवळ केला, या शोधात पटवर्धनांनी १४ वर्षे चित्रण केले आणि २०११ साली तीन तासांहून लांबीचा ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. रमाबाई नगरातील लोकांची घरे त्या दिवशी पाडली गेली नव्हती. हल्ला त्यांच्या प्रतिष्ठेवर होता, आणि गोळ्या त्यांच्याच दारात झाडल्या गेल्या होत्या. मुंबईच्या वस्त्यांत दलित आणि मुस्लिम कुटुंबे मोठ्या संख्येने का आढळतात, इमारतीतील फ्लॅट भाड्याने देताना आडनाव आधी का विचारले जाते, पुनर्वसनाची इमारत विक्रीच्या टॉवरपासून भिंत घालून का वेगळी काढली जाते, हे प्रश्न किमती आणि उत्पन्न यांच्या कोष्टकात मावत नाहीत, आणि १९८५ साली श्रमाच्या बाजूने शहराचा हिशेब मांडणाऱ्या दिग्दर्शकाला त्या हिशेबातील हा रकाना भरण्यासाठी पुढचा संपूर्ण चित्रपट करावा लागला.